न उघडलेल्या सात फायली

काकांच्या घरी राहायला गेले त्या दिवशी मला चहा मिळाला तो पावतीवर सही केल्यानंतर. पावतीत लिहिलं होतं: किल्ली एक, कडीसह, पंखा एक, चालू, बादली एक, चिरलेली नाही. मी हसत हसत सही करायला गेले तर काका म्हणाले, "बादली बघितलीस?"

"नाही."

"मग सही कसली करतेस?"

मी जिना चढून वर गेले, बादली उलटीपालटी करून बघितली, खाली आले आणि सही केली. मग काकूंनी चहा आणला. कपाबरोबर डोळ्यांनीच त्यांनी मला सांगून टाकलं की हे असंच असतं, सवय होईल.

मी तेव्हा सत्तावीस वर्षांची होते. परभणीहून कलेक्टर व्हायला दिल्लीला आले होते, दोन वेळा परीक्षा देऊन आपटले होते, आणि घरी तोंड दाखवायला नको म्हणून नोएडात कपडे निर्यात करणाऱ्या एका कंपनीत चिकटले होते. काका केंद्र सरकारच्या एका मंत्रालयात चौतीस वर्षं आवक-जावक विभागात होते. नोकरीभर दिल्लीत लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये राहिले आणि निवृत्तीच्या सुमारास नोएडात प्लॉट लागला तिथे घर बांधलं. समोर अजून मोहरीचं शेत होतं आणि शेताच्या पलीकडे काचेची ऑफिसं उभी राहत होती. काका रोज सकाळी गच्चीवरून त्या काचांकडे बघायचे आणि म्हणायचे, "आत काय चाललंय ते दिसू नये म्हणूनच काच लावतात हे लोक."

त्यांचा संशय कोणा एकावर नव्हता. तो सगळ्यांना सारखा वाटलेला होता. दूधवाल्यावर होता, वीज मीटरवर होता, टीव्हीवर हवामान सांगणाऱ्या बाईवर होता. पाहुण्यांनी मिठाई आणली तर आधी डब्याच्या तळाची तारीख वाचायचे, मग "अरे वा, कशाला आणलंत" म्हणायचे. काकू म्हणायच्या, "आमच्या लग्नात अंतरपाट धरला होता ना, तेव्हा हे खालून वाकून बघत होते, मुलगी तीच आहे ना म्हणून." काका हे ऐकून चिडत नसत. "तीच होती," एवढंच म्हणत.

पण या माणसाच्या हातात कोणाचं पत्र आलं तर ते त्यांनी कधी उजेडासमोर धरलं नाही. माझ्या आईची पत्रं त्यांच्या पत्त्यावर यायची. ती कधी एका बाजूला ओलसर असायची, कधी नीट चिकटलेली नसायची. काका ती स्वतः डिंक लावून बंद करायचे आणि वर पेन्सिलीने लिहायचे, "उघडे मिळाले, वाचले नाही." ऑफिसातही म्हणे ते असेच. मंत्र्यांच्या नावाची पाकिटं, कोर्टाची पाकिटं, कोणाकोणाच्या भानगडींची निनावी पत्रं, सगळी त्यांच्या हातांतून गेली, आणि आत काय होतं ते त्यांना शेवटपर्यंत माहीत नव्हतं. याचा त्यांना जबर अभिमान होता. मला तेव्हा तो अभिमान थोडा खुळचट वाटायचा.

कॉम्प्युटर आला तो काकांच्या बंगलोरच्या मुलाच्या हट्टाने. ई-मेल करा, फोटो बघता येतील, असं त्याचं चाललं होतं. काका माझ्याबरोबर नेहरू प्लेसच्या कॉम्प्युटर बाजारात आले, एका चिंचोळ्या दुकानात दोन तास उभे राहिले आणि दुकानदाराने जोडलेला प्रत्येक भाग त्यांनी वहीत टिपून घेतला. "सब नया है अंकल, सील पैक," दुकानदार म्हणत होता. काका मला मराठीत म्हणाले, "तीनदा म्हणाला. एकदा म्हणाला असता तर विश्वास ठेवला असता."

घरी आल्यावर कॉम्प्युटरसाठी वेगळी वही झाली. त्यात त्या यंत्रातल्या फायलींची नोंद. नाव, आकार, तारीख, कोणी केली, कशासाठी. मी त्यांना समजावलं की काका, यात हजारो फायली असतात, त्या यंत्राच्या स्वतःच्या असतात. "असतील. ओळख तर करून घ्यावी," असं म्हणून त्यांनी महिनाभर ओळख करून घेतली. कुठली विंडोजची, कुठली प्रिंटरची, कुठली मुलाने पाठवलेल्या फोटोंची. ज्या कळेनात त्यांच्यापुढे लाल टिंब. लाल टिंबाच्या फाइलवर डबल क्लिक करायचं नाही हा घरचा कायदा. कॉम्प्युटर बंद असला तरी टेलिफोनची तार काढून ठेवलेली असे, आणि वर काकूंच्या जुन्या साडीचा अभ्रा.

मी त्यांची यथेच्छ टिंगल करायचे. मग ते अस्वलाचं प्रकरण झालं. आमच्या ऑफिसात एक मेल फिरला की तुमच्या कॉम्प्युटरमध्ये अस्वलाचं चित्र असलेली एक फाइल असेल, तो भयंकर व्हायरस आहे, लगेच पुसा आणि सगळ्यांना कळवा. आम्ही शोधलं तर खरंच अस्वल! सगळ्या ऑफिसने पुसलं. मी धावत घरी आले आणि काकांना सांगितलं. काकांकडेही अस्वल निघालं. मी म्हटलं, "पुसा."

"आदेश कोणाचा?"

"मेल आलाय काका, सगळ्यांना आलाय."

"सगळ्यांना आलाय म्हणजे कोणाचाच नाही. खाली सही आहे? हुद्दा आहे? आणि ही फाइल माझ्या वहीत पहिल्या दिवसापासून आहे, विंडोजच्या तारखेची. पुसा म्हणून सांगणारा कालचा."

अस्वल राहिलं. चार दिवसांनी वर्तमानपत्रात आलं की ती फाइल निरुपद्रवी होती, विंडोजचीच होती, आणि मेल कोणाचा तरी चावटपणा होता. काकांनी कात्रण कापून माझ्या खोलीच्या दाराखालून आत सरकवलं.

त्याच वहीत सात लाल टिंबं शेवटपर्यंत राहिली. डिस्कच्या एका आडबाजूच्या फोल्डरमध्ये सात वर्डच्या फायली होत्या, आणि त्यांच्या तारखा कॉम्प्युटर विकत घेतल्याच्या पाच ते आठ महिने आधीच्या. आधी संशय अर्थात माझ्यावर. खुर्चीत बसवून माझी चौकशी झाली. मग मुलावर, मग समोरच्या सरदारजींवर, कारण ते एकदा कॉम्प्युटरचं घड्याळ लावून द्यायला आले होते. शेवटी काकांनी तारखा पुन्हा वाचल्या आणि त्यांचा चेहरा उजळला. "तीनदा म्हणाला होता," ते म्हणाले. डिस्क कोणाची तरी वापरलेली होती.

दुसरा कोणी दुकानदाराशी भांडायला गेला असता. काकांना दुकानदारात रस उरला नाही. म्हणजे या फायली कोणाच्या तरी आहेत, आणि चुकून आपल्या दारी आल्या आहेत, हे एकदा ठरल्यावर त्यांच्या दृष्टीने ही चुकीच्या पत्त्यावर आलेली डाक होती. ती पोचवायची. उघडायची नाही.

"अहो, उघडल्याशिवाय कळणार कसं कोणाच्या ते?" मी म्हटलं.

"बाहेरून जेवढं कळतं तेवढ्यावर शोधायचं."

आणि खरंच, त्यांनी बाहेरून बरंच काढलं. सहा फायलींची नावं चॅप्टर एक ते सहा. म्हणजे पुस्तक किंवा प्रबंध. पाचव्यापर्यंत आकार वाढत गेलेले, म्हणजे माणूस कष्टाळू. सहावी सर्वांत लहान, म्हणजे अपुरी. सातवीचं नाव नुसतं 'दीदी'. पहिल्या सहांच्या तारखा एका महिन्यात थांबल्या होत्या, सातवीची त्यानंतर अडीच महिन्यांची. "काम अडलं," काका म्हणाले, "पण लिहिणं थांबलं नाही. कोणीतरी कुठेतरी यासाठी रडत असेल गं." एवढं बोलून त्यांनी सात कोऱ्या फ्लॉप्या आणायला मला पाठवलं. मासिकाबरोबर आलेल्या सीडीवरून व्हायरसची तपासणी केली, का, तर दुसऱ्याच्या घरी रोग पोचवायचा नाही. मग एकेक फाइल एकेका फ्लॉपीवर उतरवली, फ्लॉपीची खिटी सरकवून तिच्यावर पुन्हा काही लिहिता येणार नाही असं केलं, आणि सातही एका पाकिटात घालून त्यावर लाख वितळवून सील केलं. लाख कुठून आणली होती कोण जाणे. घरभर वास सुटला आणि काकू खोकत बाहेर जाऊन बसल्या.

त्यानंतर महिनाभर गाडी तिथेच अडली.

मग काका-काकू पुण्याला एका मुंजीला गेले. मला नव्या नोकरीसाठी अर्ज टाइप करायचा होता. जाताना काकांनी कॉम्प्युटरच्या खोलीची किल्ली माझ्या हातात ठेवली. पावती केली नाही. काकूंनी चकित होऊन त्यांच्याकडे बघितलं, आणि मलाही तेव्हा बरं वाटलं होतं हे कबूल करते.

रविवारची दुपार होती. अर्ज तासाभरात झाला. मग मी आडबाजूचं ते फोल्डर उघडलं आणि पहिल्या फाइलवर डबल क्लिक केलं. मनात म्हटलं, फक्त नाव बघायचं, काकांचंच काम सोपं होईल. नाव पहिल्याच पानावर होतं. एका बाईचं, खाली विद्यापीठाचा विभाग. प्रबंध होता दिल्लीभोवतीच्या गावांमधल्या विहिरींवर, ज्या गावांना आता सेक्टरचे नंबर पडले आहेत. इथे मी थांबायला हवं होतं.

मी सातवी उघडली. ती बहिणीला लिहिलेली पत्रं होती, हिंदीत, पण इंग्रजी अक्षरांत. बहुतेक न पाठवलेली. नवरा काय बोलतो, काय करतो, फोनची बिलं कशी तपासतो. डोंगरातल्या एका कॉलेजात शिकवायची जागा मिळू शकते, प्रबंध पुरा झाला तर. झाला की ती जाणार होती. "इनको तब तक पता नहीं चलना चाहिए," असं एका पत्रात तीनदा होतं. शेवटच्या पत्रात तिने लिहिलं होतं की आता शेवटचंच प्रकरण राहिलंय. मी फाइल बंद केली आणि कितीतरी वेळ अभ्र्याची घडी घालत बसले.

काका परतले. पेटी खाली ठेवायच्या आत त्यांनी विचारलं, "लाल टिंबांना हात लावलास?"

"नाही काका."

"बरं," ते म्हणाले. वही काढली नाही, तारखा ताडून बघितल्या नाहीत. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी कोणाचं तरी नुसतं ऐकलं, आणि ते नेमकं माझं.

आता ती पत्रं मला झोपू देईनात. नाव तर मला ठाऊक होतं, पण ते काकांना कसं सांगणार? ऑफिसातल्या एका जाणत्या माणसाला विचारलं तेव्हा कळलं की फाइल न उघडताही, राइट क्लिक करून तिच्या गुणधर्मांची चौकट बघितली तर लिहिणाऱ्याचं नाव आणि संस्था कधीकधी दिसते. संध्याकाळी काकांसमोर मी ती चौकट काढली. होतं! नावही होतं, विभागही होता. मी उघडायची काहीएक गरज नव्हती. "पाकिटावरचं नाव!" काका खुर्चीतून उठलेच. "बघ, मी म्हणत नव्हतो, बाहेर सगळं असतं!" त्यांनी माझ्या पाठीवर थाप मारली आणि काकूंना शिरा करायला सांगितलं. तो शिरा मला गिळवेना.

विद्यापीठाच्या विभागाला रजिस्टर्ड पत्र गेलं: आपल्या विद्यार्थिनीची काही कागदपत्रं आमच्याकडे सुरक्षित आहेत. दोन आठवड्यांनी फोन आला. काकांनी मला बोलायला लावलं. पलीकडचा आवाज दबका होता. तिने गुडगावच्या एका सोसायटीचं नाव सांगितलं आणि म्हणाली, "बुधवार को दोपहर में आइएगा. बुधवार को ही." आपण बरोबर जाऊ नये असं माझ्या मनात होतं आणि जावं असंही. काकांनी साक्षीदार म्हणून मला रजा काढायला लावली.

तीन बस बदलून गेलो. सोसायटीच्या फाटकावर पहारेकऱ्याची वही बघून काका खूश झाले. अकराव्या मजल्यावर दार तिनेच उघडलं. माझ्याच वयाची, केस ओले. तिच्या चेहऱ्यावरून मला कळलं की काहीतरी बिघडलंय. मागे सोफ्यावर नवरा बसला होता. त्या बुधवारी तो ऑफिसला गेलाच नव्हता.

"आइए अंकल, आइए," तो अगदी मोकळेपणाने म्हणाला. "वो पुराना सिस्टम मैंने ही निकाल दिया था. आपको इतनी दूर तकलीफ़ हुई."

काकांनी पाकीट काढलं, पावती काढली, पेन काढलं. ती एकदम पुढे आली आणि हलक्या आवाजात विचारलं, "किसी ने पढ़ा तो नहीं?"

"नहीं जी. सील देख लीजिए."

"और कंप्यूटर में जो है?"

"वो भी नहीं," काका म्हणाले. माझ्याकडे बोट करून म्हणाले, "घर में बस ये लड़की है. मैंने पूछ लिया था. इसकी मेरी गारंटी है."

मी जमिनीकडे बघत होते. इतक्यात नवरा उठला. "लाइए, मुझे दीजिए. देखूँ तो सही क्या खज़ाना है," असं म्हणत त्याने पाकिटाला हात घातला.

"नहीं!" मी ओरडले. ओरडले म्हणजे ओरडलेच. आणि नवऱ्याच्या आणि काकांच्या मध्ये जाऊन उभी राहिले.

नवरा माझ्याकडे बघत होता, मग त्याने सावकाश बायकोकडे बघितलं. "क्यों? ऐसा क्या है इसमें?" त्याचा मोकळेपणा गेला होता. तिचा चेहरा पांढरा पडला. मी काय करून बसले ते मला त्याच क्षणी कळलं. तिला वाचवायला धावले होते आणि मीच तिला उघडं पाडत होते.

काकांनी माझ्याकडे एकदाच बघितलं. मग ते नवऱ्याकडे वळून हसले. मी त्यांना परक्या माणसाशी हसताना कधी बघितलं नव्हतं. "बुरा मत मानिए साहब. इसको मैंने ही सिखाया है. जिसका नाम, उसी के हाथ में, नहीं तो चिल्लाओ. सरकारी आदमी के घर में रहती है न, बिगड़ गई है."

"मैं हस्बैंड हूँ इनका."

"बहुत अच्छी बात है. दस्तख़त मैडम के लगेंगे."

"कंप्यूटर मेरा था."

"कंप्यूटर आपका, फ़ाइल मैडम की. चौंतीस साल यही किया है जी, अब मरते समय क्या बदलूँ." आणि त्यांनी पाकीट तिच्या हातात दिलं, तिची सही घेतली. पावतीत शेवटची ओळ होती की आमच्याकडची प्रत नष्ट करावी. तिथेही सही घेतली. ती तोवर सावरली होती. नवऱ्याला म्हणाली, "थीसिस है. पुराने कुएँ. पढ़ोगे?" तो "कुएँ?" म्हणून नाक उडवून पुन्हा सोफ्यावर बसला. पाकीट तिने छातीशी धरलं होतं. आम्ही पाण्याचे ग्लास रिकामे केले आणि निघालो.

परतीच्या बसमध्ये जागा मिळाली. काका खिडकीशी बसले. नव्या इमारती, खणलेले रस्ते, क्रेन असं सगळं मागे जात होतं. मग बाहेर बघतच म्हणाले, "वाचलेलं नसतं तर तू घाबरली नसतीस."

मी हातातली तिकिटं दुमडत राहिले.

"वाचलं की माणूस बाजू घेतो. बाजू घेतली की चेहऱ्यावर येतं. म्हणून वाचायचं नसतं." त्यांचा आवाज चढला नव्हता. तो चढला असता तर मला सोपं गेलं असतं. "आज मी दोनदा खोटं बोललो. एकदा माहीत नसताना, एकदा माहीत असताना. पहिलं तुझ्यामुळे. दुसरं त्या मुलीसाठी, ती का घाबरली ते मला ठाऊक नसतानाही."

"काका, चुकलं माझं."

"हो, चुकलं. महिनाअखेर खोली सोड. काकूंना मी सांगेन नोकरी बदलली म्हणून. म्हणजे ते तिसरं."

मी रडायला लागले. पुढच्या सीटवरची बाई वळून बघायला लागली. मला त्यांना सांगायचं होतं की काका, तुम्ही आज काय केलंत हे तुम्हाला माहीत नाही. ते पाकीट त्याच्या हाती गेलं असतं तर त्या बाईचं काय झालं असतं हे तुम्हाला माहीत नाही. तुमच्या त्या खुळचट नियमाने आज एक माणूस वाचलं. हे त्यांना कळायलाच हवं होतं, दुसऱ्या कोणाला नसलं तरी त्यांना.

"काका, त्या सातव्या फाइलमध्ये..."

त्यांनी झटक्यात हात वर केला. पहिल्यांदाच माझ्याकडे वळून बघितलं, आणि त्यांच्या डोळ्यांतही पाणी होतं.

"मला सांगू नकोस," ते म्हणाले.

मी नाही सांगितलं. पुढे सहा वर्षांनी काका गेले, तोवर मी दोनदा त्यांना भेटायला गेले, दोन्ही वेळा त्यांनी आईची तब्येत विचारली, नोकरी विचारली, आणि ते विचारलं नाही. त्या बुधवारी त्यांनी काय वाचवलं हे जगात फक्त दोघींना माहीत होतं, आणि त्यातली एक मी असायला नको होते.